मेव्हण्याचं सुतक

"नातं काय तुमचं एकमेकांचं?" शेडच्या मालकानं विचारलं.

मी आबाकडं बघितलं. वाटेत दोन दिवस आम्ही खोटी नावं ठरवली होती, गाव ठरवलं होतं, तालुका ठरवला होता. नातं ठरवायचं राहून गेलं होतं.

"मेव्हणं," आबा म्हणाला. "माझी बहीण ह्याला दिलीय."

"आणि गावाकडं काय करता?"

"शेतीच. यंदा पाणी न्हाई."

मालकाला सगळे अण्णा म्हणत. पन्नाशीचा माणूस, अंगात बनियन, गळ्यात तुळशीची माळ. त्यांनी आमच्या पायांकडं बघितलं. माझ्या पायात चपला होत्या, आबाचे पाय अनवाणी होते.

"ह्याच्या चपला?"

"एसटीत गेल्या चोरीला," आबा म्हणाला.

"चोर बी बघून चोरतो म्हणायचा," अण्णा हसले. "खोली न्हाई. त्या रॅकच्या टोकाला पत्र्याचा आडोसा हाय, तिथं राहा. चूल तुमची तुम्ही पेटवा. द्राक्षं संपेपर्यंत काम हाय."

ही चौऱ्याण्णव सालातली गोष्ट. मी चोवीस वर्षांचा होतो, आबा अडतीसचा. आबा माझा चुलतभाऊ. माझे आईवडील लवकर गेले, मी आबाच्या आईच्या हातचं खाऊन वाढलो. माझं लग्न झालेलं नव्हतं. आबानं जी बहीण मला देऊन टाकली ती वत्सलाअक्का मला दरवर्षी राखी बांधायची. त्या संध्याकाळी चूल पेटवताना मला हे आठवलं आणि हसू यायला लागलं. आबानं विचारलं, काय झालं. मी सांगितलं. तोही हसला. गाव सोडल्यापासून आम्ही हसलो ते तेवढंच.

दोन दिवस आधी गुरुवारी विहिरीवर भांडण झालं होतं. विहीर भावकीची, सामाईक. कुणी कुठल्या वारी मोटर लावायची ती पाळी ठरलेली. रावसाब तात्या आमचा चुलता, आबाच्या आणि माझ्या वडलांचा सगळ्यात धाकटा भाऊ. आमच्या पाळीला त्यानं मोटर बंद पाडली. त्याचं आणि आबाचं आदल्या दिवशी पारावर चार माणसांत वाजलं होतं, आई-बहिणीवरून झालं होतं. दुसऱ्या दिवशी विहिरीवर तात्याच्या डोक्यात पाना बसला. तो पाईपवर पडला आणि आम्ही पळालो. तो जिवंत आहे की नाही हे बघायला थांबलो नाही.

काम सोपं होतं, पण अंगाचं होतं. क्रेटमधून द्राक्षं यायची. ती औषधाच्या पाण्यात बुडवून काढायची, रॅकच्या जाळ्यांवर पसरायची. एकावर एक दहा-बारा जाळ्या. दोन आठवड्यांत त्याचा बेदाणा व्हायचा. मग जाळ्या हलवून माल खाली झाडायचा आणि बायका तो निवडायच्या. औषधाच्या पाण्यानं बोटांची सालं निघायची. आबा मान वर न करता काम करायचा. रस्त्यावर मोटारसायकलचा आवाज आला की आम्ही दोघंही कुठल्या तरी जाळीकडं तोंड करायचो. आवाज पुढं निघून गेला तरी थोडा वेळ तसेच उभे राहायचो.

आम्ही एकमेकांशी फार बोलत नव्हतो. बोलायला सुरुवात कुठूनही केली तरी ते तात्यापाशी जाऊन थांबायचं.

"जगला आसंल," आबा म्हणायचा.

"आसंल."

"डोकं टणक हाय त्याचं. बैलानं उडवला तवा बी उठून बसला हुता."

"व्हय."

"जगला तर काय न्हाई. सहा म्हैनं, वरीस. भावकीतच मिटंल."

दिवसातून चार-पाच वेळा हेच बोलणं. शब्द सुद्धा बदलत नव्हते.

द्राक्षं पसरायला आणि बेदाणा निवडायला सात-आठ बायका यायच्या. त्यात कला होती. जत तालुक्यातली, बावीस-तेवीसची. नवऱ्याला सोडून आलेली. हे कुणी विचारायच्या आत ती स्वतःच सांगून टाकायची, म्हणजे मग मागं कुणी कुजबुजायचं राहात नाही. तिची जीभ चुरचुरीत होती आणि डोळा जिभेहून तेज.

"पावणं, बायकोचं नाव काय?" तिनं तिसऱ्या दिवशीच मला विचारलं.

"वत्सला."

"आगं बाई!" ती बाकीच्या बायकांना म्हणाली. "बायकोचं नाव सांगताना माणूस जरा तरी लाजतो. ह्यांनी तर रेशनकार्डावरचं वाचल्यागत सांगितलं."

बायका हसल्या. मी क्रेट उचलून निघून गेलो.

अण्णांकडं रोज पेपर यायचा. सकाळी ते वाचायचे, मग तो शेडमध्ये यायचा. दुपारच्या भाकरीला बायका त्यावर बसायच्या. आम्ही आल्याच्या सहाव्या दिवशी, गुरुवारी, जेवायच्या सुट्टीत मी तो उचलला आणि आतल्या पानावर आमच्या तालुक्याचं नाव बघितलं. आबाला अक्षर लावून वाचावं लागायचं. मी त्याला रॅकमागं घेऊन गेलो.

"वाच," तो म्हणाला.

"'विहिरीच्या पाण्यावरून मारहाण. जखमी वृद्धाचा मृत्यू.'"

 मी पुढं वाचलं. उपचार चालू असताना मंगळवारी पहाटे मृत्यू, असं लिहिलं होतं. मग मी थांबलो.

"वाच की."

"'पुतण्या आबासो यानं डोक्यात लोखंडी पाना मारल्याचं सांगण्यात येतं. आबासो व त्याचा चुलतभाऊ फरार आहेत.'"

"तुझं नाव न्हाई?"

"न्हाई. नुसतं चुलतभाऊ."

"बरं झालं," आबा म्हणाला.

त्यानं पेपर माझ्या हातातून घेतला, चार घड्या घातल्या आणि तिथंच दगडाखाली ठेवला. मग तो पाण्याच्या टाकीकडं गेला. अंगात शर्ट, पँट तशीच होती. त्यानं बादली भरली आणि डोक्यावर ओतली. दुसरी भरली, ओतली.

"तू बी ये," तो म्हणाला.

"कापडं?"

"कापडासकट. सुतकाची आंघोळ हाय."

मला आधी वाटलं याचं डोकं फिरलं. मी जवळ जाऊन हळू आवाजात म्हणालो, "आबा, आपण मारलाय त्याला."

"मारलं ते पोलीस बघतील. मेला तो चुलता हाय."

"कुणाला दाखवायचंय हे?"

"कुणाला न्हाई. ये हिकडं."

त्यानं माझ्या डोक्यावर बादली ओतली. मार्च महिना होता, दुपारची वेळ होती, तरी मला थंडी वाजली. आबा बोटांवर मोजत होता. "मंगळवारी गेला. आज तिसरा दिस. म्हंजे फुडच्या गुरुवारी दहावा दिस, धावा." मग तो टाकीच्या कडेला टेकला. "त्याला पोर न्हाई. काकी तर कवाच गेली. आग मी द्यायची हुती, जालिंदर. त्यानं मला पोरापरास जास्त मानलं तवा. कुणी दिली आसंल?"

 मी ओले कपडे पिळत बसलो.

त्या दिवसापासून आमच्या कालवणाची फोडणी बंद झाली. उकडलेली डाळ, मीठ, भाकरी. आबानं अंथरूण गुंडाळून ठेवलं, जमिनीवर निजायला लागला. मलाही निजायला लावलं. दाढी केली नाही. अण्णांच्या विठोबाच्या फोटोसमोरून जाताना तो खाली मान घालायचा, हात जोडायचा नाही.

अण्णांनी विचारलं तेव्हा आबानं सांगितलं, "चुलता वारला. गाववाला भेटला बाजारात, त्यानं सांगितलं."

"मग गेला न्हाईस?"

"माती झाली. आता जाऊन काय."

अण्णांनी त्याच्याकडं जरा वेळ बघितलं. "सुतक पाळतोस ते बरं करतोस," एवढंच म्हणाले.

रविवारी पहिला माल रॅकवरून उतरला. आमच्या आधीपासून घातलेला होता. अण्णांकडं रीत होती, पहिला बेदाणा देवापुढं ठेवायचा, नारळ फोडायचा, मग सगळ्यांना खोबरं, गूळ आणि बेदाणा वाटायचा, मगच खोकी भरायची. फोटो बाहेर आणून खुर्चीवर ठेवला. बायका, गडी, सगळे गोळा झाले.

"मारुती, तू फोड नारळ," अण्णा मला म्हणाले. शेडवर माझं नाव मारुती होतं. "तुझ्या मेव्हण्याला सुतक हाय."

मी हात पुढं केला. नारळ माझ्या हातात आलाही होता.

"त्याला बी चालत न्हाई," आबा मागून म्हणाला.

मी नारळ परत दिला. अण्णांनी तो दुसऱ्या गड्याला दिला. त्यानं फोडला, पाणी देवापुढं शिंपडलं, वाटावाटी झाली. आम्ही दोघांनी हात मागं घेतले.  कुणाच्या काही लक्षात आलं नाही असं मला वाटलं. माझ्या स्वतःच्याच लक्षात आलं नव्हतं.

दुपारी सगळे पांगल्यावर मी खोक्यांच्या थप्पीमागं गेलो. सकाळी उतरलेल्या मालाचं पोतं उघडं होतं. मी मूठ भरली आणि खाल्ली. दुसरी भरली. चार दिवस अळणी खाऊन तोंड मेलं होतं हे खरं, पण तेवढंच नव्हतं. मला त्या सुतकाचा राग आला होता. आबा निजताना जमिनीवर हात फिरवायचा आणि म्हणायचा, तात्या आसा हुता, तात्या तसा हुता. मला ते ऐकवत नव्हतं. मी भराभर गिळत होतो. गोडाची शिसारी आली, तरी गिळत होतो.

दुसऱ्या दिवशी मी झाडलेला माल निवडायच्या जागी आणून ओतत होतो. बाकीच्या बायका पाणी प्यायला गेल्या होत्या. कला एकटीच बसली होती. वर न बघता ती म्हणाली, "मेव्हण्याचं सुतक मेव्हण्याला कवापासनं लागायला लागलं?"

माझ्या हातातली पाटी तशीच राहिली.

"एका चुलीवर जेवतो. वेगळं कुठं करत बसायचं," मी म्हणालो.

"जेवण एका चुलीवर. नारळ बी चुलीवर हुता व्हय?"

मी पाटी रिकामी केली. जायला निघालो.

"बसा," ती म्हणाली. "मी कुणाला सांगितलं आसतं तर कालच सांगितलं आसतं. अण्णांचं लक्ष न्हाई आसं समजू नका, पर ते त्यांचं त्यांना." तिची बोटं चालूच होती, काडी बाजूला, काळा दाणा बाजूला. "मेलेला माणूस तुमच्या दोघांचा हाय. तुमी भाऊ-भाऊ हाईसा. आणि घरच्या मैताला गेला न्हाईसा म्हंजे जाता येत न्हाई तुमास्नी."

"तुला काय करायचंय?"

"काय न्हाई. काल तुमी बेदाणं खाल्लं ते मी बघितलं. थप्पीमागं."

"भूक लागली हुती."

"भुकेचं खाणं मला कळतं. माझा नवरा मला मारायचा. मारून झालं की फळीवरचा डबा काढायचा आणि भितीकडं तोंड करून लाडू खायचा. एक, दोन, तीन. गिळायचा नुसता. काल तुमची पाठ बघितली आणि मला वाटलं तोच आला हिथं."

मी तिच्यासमोर बसून राहिलो. उन्हानं तापलेल्या पत्र्याचा आवाज येत होता.

"त्यो थोरला रडतोय सुतकात," ती म्हणाली. "त्यानं मारलं न्हाई."

"तू गप बस."

"बसते. गुरुवारी धावा हाय न्हवं? त्यो केस काढंल. तुमी?"

"मला काय गरज. मी मेव्हणा हाय."

"मग मेव्हणाच व्हा. आजपासनं त्याच्या ताटातलं अळणी खाऊ नका. अंथरुणावर निजा. न्हाईतर भाऊ व्हा. एक कायतरी व्हा."

बायका परत आल्या. कला लगेच त्यांच्यात मिसळून कसल्याशा गोष्टीवर मोठ्यानं हसली.

ही कला पुढं कितीतरी वर्षांनी माझी बायको झाली. एकोणीस वर्षं आमचा संसार झाला. गेल्या मार्गशीर्षात ती गेली. थप्पीमागची माझी पाठ बघूनही तिनं माझ्याशी लग्न का केलं हे मला तिला विचारायचं होतं. आज विचारू, उद्या विचारू असं करत ते राहून गेलं. बाकी सगळं बोलणं झालं आमचं.

गुरुवारी आबानं दुपारपर्यंतची सुट्टी मागितली. अण्णांनी मूठभर तांदूळ दिले, मागितले नव्हते तरी. ओढ्याच्या बंधाऱ्याखाली थोडं पाणी उरलं होतं. आबानं डब्यात भात शिजवला, गोळे केले, केळीच्या पानावर ठेवले. मंत्र त्याला येत नव्हते. "तात्या, जे जमलं ते हाय," असं तो म्हणाला आणि मागं सरून बसला.

मला वाटत होतं कावळा शिवू नये. तात्याची काहीतरी मागणी असावी, त्यानं अडून बसावं, असं मला फार वाटत होतं. अडला असता म्हणजे काहीतरी कबूल करून त्याला सोडवता आलं असतं. पण आबा नीट बसायच्या आत कावळा आला. त्यानं गोळा उचलला आणि गेला. तात्याला आमच्याकडून काही नको होतं.

आबानं गुडघ्यात डोकं घातलं.

अण्णांच्या गावचा म्हातारा न्हावी सांगितल्या वेळेला आला. पेटी उघडून दगडावर बसला. आबाचं डोकं केलं, दाढी केली.

"कोण गेलं?" त्यानं विचारलं.

"चुलता."

"वडलापेक्षा थोरला की धाकला?"

"धाकला. पर माझ्यापेक्षा मोठा की. मिशी बी काढा."

न्हाव्यानं मिशी काढली. आबाचा चेहरा एकदम म्हाताऱ्या बाईसारखा दिसायला लागला. न्हाव्यानं वस्तरा पुसला आणि माझ्याकडं मान केली. "ह्यो पावणा कोण?"

"त्यो मेव्हणा हाय," आबा पटकन म्हणाला. "त्याला न्हाई काढायचं." बाहेरच्या माणसापुढं त्याला या वेळी आठवलं होतं.

मी दगडावर जाऊन बसलो.

"उठ," आबा म्हणाला.

"माझा बी चुलताच हुता," मी न्हाव्याला म्हणालो.

न्हाव्यानं एकदा आबाकडं, एकदा माझ्याकडं बघितलं. "मग भाऊ-भाऊ म्हणा की सरळ," तो म्हणाला आणि माझ्या डोक्यावर पाणी लावायला लागला. आबा पलीकडं तोंड करून उभा राहिला. वस्तरा जुना होता, दोन ठिकाणी कापलं. मी हललो नाही.

शेडवर आलो तेव्हा अण्णा दारातच होते. एकाच वस्तऱ्यानं केलेली दोन डोकी त्यांनी बघितली. निवडायच्या जागी बायका गप्प झाल्या. कलानं एकदा वर बघितलं आणि परत मान खाली घातली.

"मेव्हणं म्हणाला होतास," अण्णा आबाला म्हणाले.

आबानं हात जोडले.

"मी पेपर रोज पहिल्यांदा वाचतो," अण्णा म्हणाले. "गेल्या गुरुवारचा बी वाचला. तुम्हाला अंगावर पाणी घेताना बी बघितलं. म्हटलं, दहावा होऊ दे. सुतकात माणसाला हुसकायचं न्हाई." त्यांनी माळेला हात लावला. "मी कुणाला बोलावणार न्हाई. पर कोण विचारायला आलं तर खोटं बोलणार न्हाई. जेवून घ्या आणि निघा."

आम्ही जेवलो नाही. तसेच निघालो.

तालुक्याच्या स्टँडवर आबानं मला एका खांबामागं नेलं. विजापूरची गाडी लागलेली होती.

"तू ह्यात बस," तो म्हणाला. "पेपरात माझं नाव हाय. पारावर बी माझंच भांडण समद्यांनी बघितलं. मी हिथल्याच ठाण्यात जातो. मी मारला म्हणून सांगतो."

"आबा..."

"आयक. माझं लगीन झालं, पोरं झाली, त्यास्नी भावकी बघंल. तुझं आजून काय बी झालेलं न्हाई. आणि तुला विहिरीवर म्होरं धाडला तो मीच. म्हणलं हुतं ना, आज म्हाताऱ्याला सोडू नको? तवा निम्मं माझंच हाय. फुडचं बी माझंच होऊ दे."

मी नाही म्हणायला पाहिजे होतं. मी गाडीत बसलो. खिडकीतून बघितलं तर आबा अनवाणी चौकाकडं चालला होता, ठाणं कुठं म्हणून कुणाला तरी विचारत होता. गाडी सुटली.

गावाबाहेर पडल्यावर कंडक्टर आला. माझं डोकं बघून त्याचा आवाज खाली आला.

"कोण गेलं, भाऊ?"

"चुलता."

"अरेरे. आजच केला वाटतं दहावा?"

"व्हय."

"मग घरी जायचं सोडून विजापूरला कुठं निघालास?"

त्यानं सहज विचारलं होतं. तिकिटाची पेटी हातात धरून तो उत्तराची वाट बघत उभा राहिला. त्याला सांगता येईल असं एकही खोटं मला सुचेना. गेले बारा दिवस नाव, गाव, बायको, सगळं पटापट सुचत होतं.

"उतरायचंय," मी म्हणालो.

मी उतरलो आणि परत चालायला लागलो. चार-साडेचार मैल असतील. ऊन डोक्याला थेट लागत होतं.

ठाण्यात पोचलो तेव्हा आबा बाकावर बसला होता आणि टेबलामागचा हवालदार लिहीत होता. गुन्हा आमच्या तालुक्यातला होता, तिकडून माणसं येईपर्यंत तो आपलं विचारून घेत होता. माझं डोकं बघून त्यानं पेन थांबवलं.

"हा कोण आणि?"

"माझा भाऊ," आबा उठत म्हणाला. "ह्याचं काय न्हाई, साहेब. ह्याला जाऊ द्या."

"पाना माझ्या हातात हुता," मी म्हणालो.

हवालदारानं कागदाकडं बघितलं. "ह्यानं आत्ताच सांगितलं, ह्याच्या हातात होता म्हणून. दीड पान झालंय माझं."

"त्यो खाली हुता. बांधापाशी व्हॉल्व्ह फिरवत हुता. वर स्टार्टरपाशी मी नि तात्या, दोघंच."

"खरं का रे?"

"त्यो लहान हाय, साहेब," आबा म्हणाला.

"वय न्हाई विचारलं मी. बस खाली." त्यानं दीड पान बाजूला सारलं, नवा कागद घेतला आणि माझ्याकडं वळला. "बोल. कसं झालं?"

पळताना वाटेत आबानं मला हेच विचारलं होतं. मी सांगितलं होतं, तात्या अंगावर धावून आला, म्हणून मारलं. त्यानं परत कधी विचारलं नाही. चौदा दिवस तो तेच धरून चालला होता.

मी हवालदाराकडं बघून सांगायला लागलो. आबाकडं बघून सांगता आलं नसतं.

"तात्यानं स्टार्टरच्या फ्युजा काढून खिशात घातल्या हुत्या. मी मागितल्या. त्यो न्हाई म्हणाला. मी पाना उचलला. पाना बघून त्यो हसला. 'घे बाबा,' म्हणाला, 'तुझ्याशी कोण भांडंल. आईच्या वळणावर गेलायस, तिच्यावानी गरीब.' आणि खिशात हात घालून फ्युजा काढल्या, म्होरं केल्या."

"मग?"

"मग मारलं."

"दिल्यावर?"

"देताना."

हवालदार लिहीत नव्हता. पंखा चालू होता, कागद उडू नये म्हणून त्यानं वर हात ठेवला होता.

"अंगावर आलता म्हणलास मला," आबा म्हणाला.

"न्हाई आला."

"हातात फ्युजा हुत्या?"

"व्हय."

"किती?"

"तिन्ही."

आबा बाकावरून उठला. मग तो हवालदाराला म्हणाला, "लिवा साहेब. त्यो म्हणतोय तसं लिवा."